शिकवलेलं टिकत का नाही? नखं, कान, दवाखाना आणि पुन्हा पुन्हा मागे ओढला जाणारा पंजा

आमच्या कुत्रीचा, बुंदीचा उजवा पंजा माझ्या तळहातावर होता. नेलकटर अजून चटईवरच पडलेलं. तिने जीभ एकदा नाकावरून फिरवली, मान खिडकीकडे वळवली आणि पंजा हळूच काढून घेतला. गुरगुरली नाही, दात दाखवले नाहीत, नुसतं "नको" म्हणाली. हीच बुंदी मार्चमध्ये अठराच्या अठरा नखं पडल्या पडल्या कापून घेत होती. जुलै उजाडला आणि पंजा मागे. आदल्या वर्षी जुलैत हेच झालं होतं, त्याच्या आदल्या वर्षीही.

कुत्र्याला अंगाला हात लावू द्यायला कसं शिकवायचं, हे आता बऱ्याच जणांना ठाऊक असतं. थोडं शिवायचं, खाऊ द्यायचा, हळूहळू वाढवत न्यायचं. खरी अडचण पुढे येते. शिकवलेलं टिकत नाही. दोन-तीन महिने बरे जातात आणि एक दिवस कुत्रा पुन्हा पलंगाखाली. आपण पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करतो, तो पुन्हा शिकतो, पुन्हा विसरल्यासारखा वागतो. चार-पाच वेळा असं झालं की माणूस वैतागतो, "आमचा हट्टीच आहे" म्हणतो आणि घरातल्या सगळ्यांना बोलावून त्याला धरायला लागतो.

तो विसरलेला नसतो. मोटर चालू असूनही टाकी भरत नसेल तर आपण दुसरी मोटर आणत नाही, पाइप कुठे गळतोय ते बघतो. इथेही गळतीच शोधायची असते. मला ती सापडायला तीन पावसाळे लागले. तुमचे तेवढे जाऊ नयेत म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

आधी दुखतंय का ते बघा

कालपर्यंत कान पुसू देणारा कुत्रा आज डोकं झटकत असेल, तर शिकवणीत खोट शोधण्याआधी कान उघडून बघा. आंबूस वास येतोय का, आतली कातडी लाल आहे का, चॉकलेटी मळ साठलाय का. पावसाळ्यातल्या दमट हवेत कानात यीस्ट सहज वाढते. लॅब्रॉडोर, कॉकर स्पॅनियल अशा पडलेल्या कानांच्या कुत्र्यांत जास्तच. असा कान कितीही हळू पुसला तरी दुखणार. पायाचंही तसंच. बोटांच्या बेचक्यात बसलेली गोचीड, ओल धरून आलेली लाली, मुळाशी चिरलेलं नख. पुढच्या पायाच्या आतल्या बाजूला वर जे अंगठ्याचं नख असतं ते जमिनीला टेकत नाही, म्हणून झिजत नाही. वाढून गोल वळतं आणि कधी कधी मांसात रुततं. म्हातारा कुत्रा मागचा पाय उचलू देत नसेल तर कंबर किंवा गुडघा दुखत असण्याची शक्यता मोठी.

हे सगळं डॉक्टरांकडून तपासून घ्या. दुखरी जागा चिकनचा तुकडा दाखवून दाबत राहिलात तर चिकनवरचाही विश्वास जाईल.

बुंदीला काही दुखत नव्हतं. डॉक्टरांनी पायाचं एकेक बोट बघून सांगितलं.

माझी गळती दाराशी होती

बुंदी गावठी. सोसायटीच्या गेटजवळ सापडली तेव्हा सात-आठ महिन्यांची असेल. आता ५ वर्षांची आहे, वजन १७ किलो. आम्ही डोंबिवलीत राहतो, म्हणजे जून ते सप्टेंबर घराबाहेर पाऊल टाकलं की चिखल.

त्या वर्षी मी स्वयंपाकघरातल्या कालनिर्णयावर खुणा करायला लागले. पंजा सहज दिला त्या दिवशी टिंब, मागे ओढला त्या दिवशी फुली. एप्रिल, मे टिंबांनी भरलेले. जूनच्या मध्यावर पहिली फुली, मग दोन, मग ओळीने फुल्या. पानाकडे बघत उभी होते तेव्हा मागून सासूबाईंचा आवाज आला, "अगं, आधी पाय पूस तिचे. देवघरापर्यंत चिखल आणते." आणि मी नेहमीसारखं दाराशी वाकून बुंदीचा पंजा वर ओढला, फडक्याने खसाखसा पुसला, दुसरा ओढला. तिसऱ्या पायाला ती बसली. तिला उठवलं, चौथा पुसला.

हे आम्ही दिवसातून तीन वेळा करत होतो. तीन फेऱ्या, फेरीला चार पाय, म्हणजे रोज बारा वेळा तिचा पंजा तिला न विचारता घट्ट धरला जात होता. चार महिन्यांचा हिशेब मांडा, आकडा चौदाशेच्या वर जातो. संध्याकाळी मात्र मी मोठ्या निगुतीने पाच वेळा पंजा शिवून पाच तुकडे चिकन देत होते आणि ती शिकत का नाही म्हणून खंत करत होते. पाच एका बाजूला, बारा दुसऱ्या बाजूला. ती अगदी बरोबर शिकत होती. माणसाचा हात पायाकडे आला की काय होतं, हे तिने बहुमताने ठरवलं होतं.

म्हणून माझं पहिलं सांगणं हे, की सराव आठवडाभर बाजूला ठेवा. त्या आठवड्यात कुत्र्याच्या अंगाला त्याला न विचारता कोण, कुठे, किती वेळा हात लावतं तेवढंच टिपा. घरातल्या प्रत्येकाला विचारा, कारण गळती बहुधा आपल्या पाठीमागे चालू असते. आमच्याकडे दुसरी गळती अशी निघाली, की रात्री टीव्ही बघताना नवरा शेजारी झोपलेल्या बुंदीच्या कानामागची गोचीड चिमटीत धरून उपटायचा. प्रेमानेच करायचा. पण गाढ झोपेत कानाला चिमटा बसणं तिला कसं वाटत असेल? ती डोक्यावरून हात फिरवतानाही कान मागे का पाडते, ते त्या दिवशी कळलं. दुसऱ्या घरांत वेगळी कारणं निघतील. लहान मूल मानेला मिठी मारून लोंबत असेल. "ये बाळा, ये" अशी गोड हाक मारून नेमकं अंघोळीला नेलं जात असेल. कॉलर धरून पलंगावरून खाली ओढलं जात असेल. आणि सगळ्यांत नेहमीचं कारण म्हणजे, वर्षभर पंजाला कुणी हात लावत नाही, फक्त नखं कापायच्या दिवशीच लावतात. मग त्याच्या लेखी पंजा धरणं आणि नख कापणं या दोन वेगळ्या गोष्टी उरतच नाहीत.

दारातली गळती आम्ही अशी बुजवली. सासूबाईंनीच एक जुनी विटकी सोलापुरी चादर काढून दिली. ती दुहेरी घडी करून दाराच्या आत पसरली आणि तिच्या रोजच्या कोरड्या खाण्यातले पंधरा-वीस दाणे त्यावर विखरून टाकले. बुंदी हुंगत, दाणे शोधत चादरीवर फिरते; निम्म्याहून जास्त चिखल आपोआप पुसला जातो. उरलेला पुसताना मी तळहात पुढे करते, "पंजा" म्हणते आणि थांबते. तिने दिला तर पुसते आणि दाणा देते. नाही दिला तर ती आणखी एक फेरी चादरीवर मारते. याला आधी पाच मिनिटं लागायची, आता दोन लागतात. देवघरापर्यंत चिखल जात नाही.

खाऊ दाखवला की उलट पळतो, तेव्हा

ही तक्रार इतकी ऐकू येते की तिला स्वतंत्र जागा द्यायलाच हवी. घरोघरी होतं असं. आपण हातात चिकन घेतो, कुत्र्याला दाखवतो, तो येतो आणि मग आपण पंजा धरतो. आठवडाभरात चिकन दिसलं की तो कोपऱ्यात.

पावलोवच्या प्रयोगातली घंटा शाळेत सगळ्यांनीच वाचलेली असते. घंटा आधी वाजायची, अन्न नंतर यायचं, म्हणून घंटेला अर्थ आला. आपण क्रम उलटा करतो. खाऊ आधी आणि स्पर्श नंतर असं केलं की खाऊ ही स्पर्शाची सूचना होते, संकटाची घंटा होते. क्रम असा हवा: रिकामा हात पुढे, खांद्याला स्पर्श, मनात "एक" म्हणेपर्यंत थांबणं, मग दुसरा हात डब्याकडे जातो आणि घास येतो. स्पर्श झाला की मगच डबा उघडतो, हे त्याला उमजायला हवं. दोन-तीन दिवसांत तुम्ही खांद्याला हात लावला की तो डब्याकडे बघेल. ती नजर दिसली की पहिला टप्पा जमला.

मग खांद्यावरून कोपरापर्यंत, कोपरावरून मनगटापर्यंत, मग पंजा, मग एक बोट. प्रत्येक टप्प्यावर दोन-तीन दिवस घालवा. सराव जेवणाआधी, दिवसातून एकदा, दोन मिनिटांवर नको. आज छान चाललंय म्हणून लांबवणं ही सर्वांत महाग पडणारी चूक आहे.

खाऊ मात्र खास हवा. बिनमसाल्याचं उकडलेलं चिकन, थोडी कलेजी, उकडलेलं अंडं. शाकाहारी घरात पनीर. करंगळीच्या नखाएवढे तुकडे पुरतात. रश्श्यातलं चिकन धुऊन देऊ नका, कांदा आणि लसूण कुत्र्यांना अपायकारक आहेत. द्राक्षं, मनुका आणि चॉकलेट तर घरातल्या मुलांनाही बजावून ठेवा. पीनट बटर वापरत असाल तर डब्यावर झायलिटॉल (साखरेऐवजी घालतात तो गोड पदार्थ) लिहिलंय का बघा, ते कुत्र्याला विष आहे.

थांबवायचा हक्क

इंग्लंडमधले प्रशिक्षक चिराग पटेल यांनी रूढ केलेला एक खेळ आहे, त्याने आमच्याकडे फार मोठा फरक पडला. मी तो स्टीलच्या छोट्या डब्यावर खेळते. डबा समोर दीड-दोन फुटांवर ठेवायचा. बुंदी डब्याकडे बघत राहिली की मी हात पुढे नेते आणि घास मिळत राहतो. तिने डब्यावरून नजर काढली की हात लगेच मागे. ती पुन्हा डब्याकडे बघेपर्यंत काहीही करायचं नाही. बोलवायचं नाही, डबा वाजवायचा नाही. पहिल्या संध्याकाळी दोन मिनिटांत तिने अकरा वेळा नजर काढली. अकराही वेळा मी हात मागे घेतला. दुसऱ्या आठवड्याअखेर ती एकदा-दोनदाच नजर काढत होती.

"अशाने तो कधीच कापू देणार नाही" ही भीती मलाही होती. झालं उलटंच. सुटायला पंजा हिसकावण्याची गरज उरली नाही, मान वळवली तरी पुरे, हे कळल्यावर ती जास्त वेळ थांबायला लागली. प्राणिसंग्रहालयांत हत्ती आणि सील यांना रक्त तपासायला स्वतःहून पुढे यायला शिकवतात ते याच रीतीने. एवढ्या मोठ्या जनावराला दाबून धरायचा पर्यायच नसतो.

इथे एक गैरसमज खोडायलाच हवा, कारण त्यापायी कुत्र्यांचे फार हाल होतात. "धरून धरून सवय होते, बघा कसा गप्प पडतो." मार्टिन सेलिगमन आणि स्टीव्हन मायर यांचे कुत्र्यांवरचे प्रयोग १९६७ साली प्रसिद्ध झाले. जे कुत्रे आधी विजेच्या झटक्यांतून काही केल्या सुटू शकले नव्हते, त्यांतले पुष्कळ नंतर सुटकेची वाट मोकळी असतानाही जागेवरच पडून राहिले. टेबलावर चार हातांखाली गप्प पडलेला कुत्रा शांत असेलच असं नाही. त्याचं तोंड बघा. घट्ट मिटलेले ओठ, डोळ्यांच्या कडेला दिसणारा पांढरा भाग, ताठ शरीर, पोटाखाली गेलेली शेपूट, झोप नसताना येणारी जांभई, आणि नेहमी झडप घालून घेतो तो पनीरचा तुकडा समोर असून न खाणं. हे दिसलं की तिथेच थांबा.

आणि गुरगुरला म्हणून कधीही मारू नका, ओरडू नका. गुरगुर ही चावण्याआधीची त्याची सूचना आहे. ती दाबलीत तर पुढच्या वेळी न गुरगुरताच चावू शकतो. चावून कातडी फाटलीच, तर कुत्रा घरचा आणि लस घेतलेला असला तरी जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने १५ मिनिटं धुऊन डॉक्टरांकडे जा.

रोज एक नख

कुत्र्याला बहुधा अठरा नखं असतात, पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्यांना चार-चार. आम्ही रोज एकच कापतो. अठराव्या दिवशी फेरी पूर्ण होते, तोवर पहिल्याची पाळी आलेलीच असते. महिन्यातून एकदा सगळी नखं उरकण्याचा मोठा प्रसंगच घरातून गेला. शिवाय थोडं थोडं आणि वारंवार कापल्याने नखाच्या आतला जिवंत भाग हळूहळू मागे सरकतो, त्यामुळे वर्षभरात नखं आखूड ठेवणं सोपं होतं.

पाय धरण्याची रीत आधी बघा, निम्मी ओढाताण तिथेच होते. कुत्र्याचा पाय पुढे-मागे सहज हलतो, बाजूला फारसा नाही. आपण समोर बसून पाय स्वतःकडे आणि बाहेर खेचतो, तेव्हा खांद्यावर ताण येतो. घोड्याला नाल ठोकताना पाय मागे दुमडून धरतात तसा, शेजारी बसून, पंजा मागे दुमडून तळवा वर करून धरा. बोट चिमटीत आवळू नका. खालच्या गादीला अंगठ्याने हलकं वर ढकललं की नख पुढे येतं.

बुंदीची नखं काळी आहेत, आतला लाल भाग दिसत नाही. म्हणून पापुद्र्याएवढा तुकडा काढायचा आणि कापलेलं टोक बघायचं. पहिले एक-दोन काप कोरडे, पांढुरके, खडूसारखे दिसतात. मग मध्यभागी गडद, ओलसर ठिपका दिसायला लागतो. ठिपका दिसला की थांबायचं, आणखी एक काप मारायचा मोह आवरायचा. नेलकटरची धार गेली असेल तर ते नख कापत नाही, चेपतं. ती कळ रक्त न येताही आठवणीत राहते. दोन वर्षं आम्ही एकच बोथट नेलकटर वापरत होतो, आणि कुत्र्याला नाटकी म्हणत होतो.

नेलकटरचा आवाजही आधी शिकवावा लागतो. कच्ची शेवई किंवा स्पॅगेटीची काडी पंजाजवळ धरून कटकन तोडायची, मग घास. नख नाहीच, नुसता आवाज. हे आठवडाभर चालवा.

लागलंच, रक्त आलंच, तर स्वच्छ कापसाने दाबून धरा आणि कॉर्नफ्लोअर किंवा तुरटीची पूड टोकावर दाबा. तुरटी थोडी चुरचुरते, पण रक्त लवकर थांबवते. दहा-पंधरा मिनिटांत थांबलं नाही तर दवाखाना गाठा; गोचीड तापात प्लेटलेट्स उतरलेल्या असल्या तर रक्त लवकर थांबत नाही, त्यामुळे ही बाब हलक्यात घेऊ नका. त्यानंतर किमान आठवडाभर त्या पायाचं नख कापू नका. पुन्हा खांद्यापासून सुरुवात, दोन-तीन दिवस.

कापून घ्यायला काही केल्या तयार नसलेल्यांसाठी आणखी एक वाट आहे. लाकडी फळीवर सँडपेपर चिकटवा, फळी तिरकी धरा आणि त्यावर ओरबाडायला शिकवा. पुढची नखं तो स्वतःच घासून घेतो. अंगठ्याचं नख मात्र राहतंच.

दवाखाना: रिक्षापासून सुरू होणारी भीती

बुंदी दवाखान्याच्या पायरीवर अडते असं आम्हाला वाटायचं. नीट पाहिलं तर ती रिक्षातच थरथरायला लागायची. का नाही थरथरणार? जन्मात रिक्षात बसून ती दुसरीकडे कुठे गेलीच नव्हती. मग महिन्यातून दोनदा आम्ही तिला रिक्षाने खाडीकडे फिरायला न्यायला लागलो. भाड्याचे पैसे जातात खरे, पण तिसऱ्या महिन्यात ती रिक्षा थांबायच्या आत चढायला बघायची.

दुसरं, काहीही न करता दवाखान्यात जाणं. डॉक्टरांना विचारलं, गर्दी नसते अशी वेळ त्यांनी सांगितली. पहिल्या खेपेला नुसतं बाहेर उभं राहून पनीर. दुसऱ्या खेपेला आत, वजनकाट्यावर, दोन तुकडे आणि घरी. बरेच डॉक्टर याला आनंदाने हो म्हणतात, कारण घाबरलेला कुत्रा त्यांनाही धोक्याचा असतो. खऱ्या तपासणीच्या दिवशी बाकावर इतर कुत्र्यांमध्ये ताटकळू नका. नाव सांगून बाहेर झाडाखाली थांबा. आणि तपासणी जमिनीवरच करता येईल का ते विचारा. गुळगुळीत स्टीलच्या टेबलावर पाय घसरतात, तिथेच त्याचा निम्मा धीर सुटतो. आम्ही घरून रबरी चटई नेतो.

वजनकाट्याचा सराव घरी जेवणाच्या पाटावर होतो. पाटावर चारही पाय ठेवून उभं राहणं, दहा आकडे मोजेपर्यंत. स्टेथोस्कोपसाठी फ्रिजमधली थंड स्टीलची वाटी छातीला टेकवा. लस बहुधा मानेमागच्या किंवा खांद्याजवळच्या सैल कातडीत देतात. तिथली चिमूट हलकी उचला, पेनाचं बोथट टोक टेकवा, घास. ताप मागून, शेपूट उचलून मोजतात, म्हणून शेपूट अलगद उचलण्याचाही सराव हवा. (कुत्र्याचं तापमान साधारण १०१ ते १०२.५ अंश फॅरनहाइट असतं. हात लावून गरम लागलं म्हणजे ताप असं नव्हे.)

या सगळ्यांत मी सर्वांत जास्त दिवस दिले ते रक्त काढण्याला. आपल्याकडे गोचिडांमुळे एर्लिकिया, बबेसिया या जंतूंचे आजार नेहमीचे. कुत्रा दोन दिवस जेवला नाही की डॉक्टर रक्त तपासायला सांगतात, आणि आजार निघाला तर पुन्हा पुन्हा तपासावं लागतं. रक्त बहुधा पुढच्या पायाच्या वरच्या अंगाच्या शिरेतून घेतात. मदतनीस शेजारून हनुवटीखाली हात घालून डोकं धरतो, दुसऱ्या हाताने कोपर मागून आधार देऊन पाय पुढे करतो आणि कोपराजवळ अंगठ्याने शीर दाबतो. नेमकं हेच घरी करा. आधी नुसतं हनुवटीखाली हात. मग कोपर पुढे. मग अंगठा दोन सेकंद. मग साध्या पाण्याचा ओला बोळा, काही दिवसांनी स्पिरिटचा, कारण तो वास त्यांच्या पक्का लक्षात असतो. आम्हाला यात सात आठवडे गेले. गेल्या ऑक्टोबरमध्ये बुंदीला खरंच गोचीड ताप आला. तेरा दिवसांत तीन वेळा रक्त घेतलं. तिसऱ्या वेळी मदतनीस तिचं डोकं धरायला पुढे झाला, तर तिने स्वतःच हनुवटी त्याच्या हातावर ठेवली. मला तिथे रडू आलं.

धरावंच लागलं तर

सगळं सरावाने होत नाही. काच पायात घुसली आहे, सलाइन लावायचं आहे, तेव्हा हक्क-बिक्क बाजूला ठेवून धरावं लागतं. तसं धरल्याने शिकवलेलं वाया जातं का? जातं, पण फक्त दोन्ही गोष्टी एकाच ठिकाणी, एकाच शब्दाने, एकाच डब्यासमोर केल्या तर. म्हणून आमच्याकडे दोन वेगळ्या वाटा आहेत. स्टीलचा डबा, रबरी चटई आणि "पंजा" हा शब्द फक्त तिला नकार द्यायची मुभा असते तेव्हाच. जबरदस्ती अटळ असेल तर डबा आणि चटई पिशवीतच राहतात. खाऊ सढळ हाताने, पण दुसऱ्या पुडीतून, आणि हाक मारून बोलवायचं नाही, आपण तिच्यापाशी जायचं. हा भेद त्यांना आपल्या अपेक्षेपेक्षा लवकर कळतो.

मझल, म्हणजे तोंडाला घालायचं मुसकं, हा अपमान समजू नका. तो घातला असेल तर डॉक्टरांचा हात घाबरत नाही, आणि न घाबरलेला हात हलका असतो. पण जाळीचा घ्या. त्यात तोंड उघडून धापा टाकता आल्या पाहिजेत. तोंड बांधून टाकणारा कापडी नळीसारखा मझल एक-दोन मिनिटांच्या कामापलीकडे ठेवू नका. कुत्रा अंगातली उष्णता मुख्यतः धापा टाकून बाहेर टाकतो. मे महिन्यात बंद तोंडाने तो जीवावर बेतू शकतो. सवय लावायला आम्ही श्रीखंडाच्या मोठ्या डब्याचा तळ कापून, कडा घासून घेतल्या आणि पलीकडून पनीर धरलं. ती स्वतः नाक घालायला लागली तेव्हा जाळी आणली.

काही कुत्र्यांची भीती इतकी खोल असते की घरून निघण्याआधी गोळी देणं हीच दया ठरते. गॅबापेंटिन, ट्रॅझोडोन अशी औषधं डॉक्टर त्यासाठी देतात. वजन, इतर आजार बघून मात्रा तेच ठरवतील. आपल्या औषधांच्या डब्यातलं काही देऊ नका. माणसांच्या गॅबापेंटिनच्या पातळ औषधात झायलिटॉल असू शकतं, आणि पॅरासिटामॉल, आयब्युप्रोफेन कुत्र्याला घातक ठरतात. एसीप्रोमझिन हे गुंगीचं औषध एकट्याने दिलं तर शरीर सुस्तावतं आणि भीती आत तशीच राहते, तेव्हा त्याबद्दल डॉक्टरांशी स्पष्ट बोला.

थोडक्यात विचारल्या जाणाऱ्या दोन गोष्टी. पिल्लू असेल तर तिसऱ्या ते साधारण चौदाव्या आठवड्यापर्यंतचा काळ वाया घालवू नका, तेव्हा रोज अर्धा मिनिट पुरतो. दिवाळीच्या आठवड्यात सराव बंद ठेवा. फटाक्यांनी हादरलेला कुत्रा शिकण्याच्या अवस्थेत नसतो, पुढे चार-पाच दिवसही नाही.

या जुलैच्या पानावर तीन फुल्या आहेत. दोन डाव्या मागच्या पायाच्या, तो अजूनही अवघड जातो आणि त्याला आम्ही अजून मांडीपासूनच सुरुवात करतो आहोत. तिसरी १४ तारखेची. मी ऑफिसातून उशिरा आले होते, चादर वाळत होती आणि दाराशी घाईत तिचा पंजा ओढला. दुसऱ्या दिवशी तिने तळहाताकडे बघून मान वळवली. तीन दिवस नुसत्या खांद्यावर काढले, चौथ्या दिवशी तिने पंजा दिला. आज अकरावं नख आहे.